हसावे की गप्प बसावे?



गेल्या लग्नसराईत आपल्या शिरूर अनंतपाळमध्ये एका घरी साखरपुडा होता. मांडव लहान, माणसे जास्त, आणि दिवसभराच्या उन्हाने सगळे दमलेले. दिवेलागणीला मुलीला मैत्रिणींनी फोटोसाठी पुढे आणले आणि नेमकी वीज गेली. मुलगी रंगाने सावळी आहे. नवऱ्या मुलाचे मामा अंधारातून मोठ्याने म्हणाले, "आता नवरी कशी सापडायची? बॅटरी लावा रे कोणीतरी!"

सगळा मांडव हसला. आमच्या अभ्यासगटातले आम्ही चौघे तिथे होतो, आम्हीही हसलो. वीज आली तेव्हा मुलगीसुद्धा हसत होती. पदर सारखा करत, खाली बघत. ते हसू आम्हाला अजून आठवते.

परतताना काळीपिवळीत आमच्या गटातल्या आजी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. आम्ही मामांना नावे ठेवू लागलो, तेव्हा एवढेच म्हणाल्या, "तुम्ही बी हासलाव की."

पुढचे तीन रविवार मिस्सा झाल्यावर आम्ही याच विषयावर बसलो. त्या बोलण्यातून जे हाती आले ते या पाठात मांडत आहोत. कोणी बोचरी थट्टा केली तर आपण काय करावे, हा प्रश्न वाटतो तेवढा सोपा नाही. हसलो तर आपण त्यात सामील होतो. रागावलो तर कार्याचा विचका होतो, आणि वर "साधी गंमतसुद्धा कळत नाही" हे ऐकावे लागते. गप्प बसलो तर कोणाला काहीच कळत नाही.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. आम्ही थट्टेच्या विरोधात नाही. आपल्या मराठवाड्यात थट्टा ही नात्याची खूण आहे. मेव्हणा-मेव्हणी, दीर-भावजय, आजा आणि नातू यांच्यात चेष्टा झाली नाही तर घरात काहीतरी बिनसले आहे असे लोक समजतात. लग्नात विहिणींना टोमणे मारणारी गाणी बायका पिढ्यानुपिढ्या म्हणत आल्या आहेत. रोममध्ये सोळाव्या शतकात संत फिलिप नेरी होऊन गेले. लोक आपल्याला फार पवित्र मानू लागले आहेत असे दिसताच ते अर्धी दाढी काढून गावभर फिरत, अशी त्यांची कथा सांगतात. विनोदाशी संतपणाचे वैर नाही.

पण या जुन्या थट्टेचा एक नियम होता आणि तो कोणी लिहून ठेवला नव्हता. तिथे उलट टोला मारता येत असे. मेव्हण्याने एक सांगितले की मेव्हणी दोन ऐकवणार. विहिणीवर एका बाजूने गाणे झाले की दुसरी बाजू तयारच. त्या मांडवातल्या मुलीला मात्र उलट बोलता येत नव्हते. समोर नवऱ्याचे मामा, मानाचे पाहुणे. तिने एक शब्द उलट काढला असता तर "मुलगी तोंडाळ आहे" ही बातमी जेवणे उरकायच्या आत सासरी पोचली असती. ज्याला उत्तर देता येत नाही त्याच्यावर केलेली थट्टा ही थट्टाच नव्हे, असे आमच्या गटात जवळजवळ सर्वांचे मत पडले.

आता आपल्या स्वतःवर येणाऱ्या थट्टेकडे वळू, कारण तीही काही कमी नाही. आपली मुले शिकायला पुण्याला जातात. पहिला प्रश्न, "कुठलं शिरूर? घोडनदीचं का?" नाही म्हटले की लातूर. लातूर म्हटले की पाणी. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने लातूरला पाणी आले. पहिल्या गाडीत पाच लाख लिटर होते. ती गाडी येऊन इतकी वर्षे झाली तरी "आंघोळ करून आलास का?" हा प्रश्न काही संपला नाही. मग बोली. आपण "जेवलालो" म्हणतो, म्हणजे जेवण चालू आहे. पुण्याच्या मुलांना ते ऐकून हसू येते आणि दिवसभर त्याची नक्कल होते. एका मुलाने आम्हाला सांगितले की पहिले सहा महिने तो वसतिगृहात कमीत कमी बोलत असे.

त्यात आपण ख्रिस्ती. हिंदी सिनेमाने वर्षानुवर्षे एकच ख्रिस्ती माणूस दाखवला. हातात बाटली, तोंडात मोडकी हिंदी, नाव बहुधा मायकल. मुंबईत कॅथलिकांना "मकापाव" म्हणून चिडवत. वसईकडे विहिरीत पाव टाकून गाव बाटवल्याच्या कथा सांगत. आपल्याकडे डिसेंबर आला की ओळखीचे लोक डोळा मारून विचारतात, "मग, नाताळाला कोणती आणणार?" आपल्या घरात त्या दिवशी करंज्या आणि चिवडा असतो हे त्यांना माहीत असते, कारण तो त्यांनी खाल्लेला असतो. तरी विचारतात. आणि कधीतरी हसत हसत पुढचा प्रश्न येतो, "तुमच्या आज्याला बाटायला काय मिळालं होतं?" हा प्रश्न हसत विचारला तरी हसण्याचा नाही, हे विचारणाऱ्यालाही ठाऊक असते.

अशा वेळी काय करावे? योहानाच्या शुभवर्तमानाच्या पहिल्याच अध्यायात असा प्रसंग आहे. फिलिप आपल्या मित्राला, नथनेलला, येशूबद्दल सांगतो. येशू नाझरेथचा, हे ऐकून नथनेल त्या गावाची टर उडवतो. त्या गावातून काही चांगले निघेल का, असा त्याचा सूर. आपल्या "कुठलं शिरूर?" याचाच तो भाऊ. फिलिप यावर भांडत नाही आणि नाझरेथची थोरवीही गात नाही. तू स्वतः येऊन पाहा, एवढेच सांगतो. आणि येशू? तो नथनेलला येताना पाहून त्याच्या मनात कपट नाही म्हणून त्याचे कौतुक करतो. गावाच्या थट्टेचा विषयही काढत नाही. हाच नथनेल पुढे शिष्य झाला. परंपरेत त्यालाच संत बार्थोलोम्यू मानतात.

आपण यातून एवढे घेऊ शकतो की ज्याची थट्टा अज्ञानातून येते त्याला घरी बोलवावे. "नाताळाला कोणती आणणार?" म्हणणाऱ्याला "या की, बघा कोणती असते," असे हसून म्हणावे आणि खरेच ताट वाढावे. आमच्यातल्या एकांनी हे केले. ते गृहस्थ आता दरवर्षी येतात. प्रश्न मात्र तोच विचारतात, पण आता तो त्यांच्या नात्यातला झाला आहे.

आपल्यावरची थट्टा आपणच आधी करून टाकावी, हाही एक मार्ग आहे. लक्ष्मीबाई टिळकांचे 'स्मृतिचित्रे' ज्यांनी वाचले असेल त्यांना हे पटेल. पती नारायण वामन टिळक १८९५ मध्ये ख्रिस्ती झाले, तेव्हा या बाईंच्या वाट्याला काय आले असेल याची कल्पना करा. नातेवाइकांची बोलणी, वियोग, लोकांची कुजबुज. पुढे त्या स्वतःही ख्रिस्ती झाल्या. पण लिहिताना त्या सर्वांत जास्त हसतात स्वतःला, स्वतःच्या सोवळ्याला आणि घाबरटपणाला. जो स्वतःला इतका मोकळेपणाने हसतो त्याला दुसऱ्याच्या हसण्याने घायाळ करणे कठीण जाते.

आणि दुर्लक्ष करणे हाही मार्ग आहेच. पैठणचे संत एकनाथ गोदावरीत स्नान करून येताना एक माणूस त्यांच्यावर पुन्हा पुन्हा थुंकला आणि ते प्रत्येक वेळी शांतपणे परत स्नानाला गेले, ही कथा आपण सर्वांनी शाळेत असताना ऐकली आहे. शेवटी दमला तो थुंकणारा. अलीकडचे उदाहरण आपल्या शेजारच्या जिल्ह्यातले आहे. सप्टेंबर २०१९ मध्ये वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांची ९३व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी निवड झाली, तेव्हा एक धर्मगुरू मराठीचा अध्यक्ष कसा, म्हणून विरोध झाला, धमकीचे फोन आले. जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादला, म्हणजे आताच्या धाराशिवला, पाठीचे दुखणे असतानाही फादर आले आणि अध्यक्षीय भाषण केले. विरोधकांशी त्यांनी भांडण मांडले नाही. ते २५ जुलै २०२४ रोजी वारले.

इथपर्यंत आमच्या गटात एकमत होते. मग आजींनी विचारले, "नाथ महाराजांच्या अंगावर थुंकलं, ते त्यांनी सोसलं. शेजारच्या बाईच्या अंगावर थुंकला असता तर?"

आमच्या मते सगळा पाठ या प्रश्नात आहे. माझ्या अंगावर आलेली थट्टा मी सोडून देऊ शकतो, कारण ती माझी आहे. दुसऱ्याच्या अंगावर आलेली सोडून देण्याचा मला अधिकार नाही. तिथे माझी सहनशीलता ही सहनशीलता राहत नाही, ती सोय होते. आपण बहुतेक उलटेच वागतो. स्वतःला कोणी काही बोलले की चार दिवस धुमसत राहतो, आणि दुसऱ्याला बोलले की "जाऊ द्या, गंमत होती" म्हणून मोठ्या मनाने क्षमा करतो.

पवित्र गुरुवारच्या रात्रीची हकिकत या दृष्टीने पुन्हा वाचावी. प्रमुख याजकापुढे चौकशी चालू असताना एक शिपाई येशूला चपराक मारतो. येशू उलट मारत नाही, पण तो गप्पही राहत नाही. माझे काही चुकले असेल तर दाखव, चुकले नसेल तर मारतोस का, असे तो सरळ विचारतो. शिवी नाही, शाप नाही, एक प्रश्न. आणि त्याच वेळी बाहेर अंगणात पेत्र शेकोटीपाशी उभा आहे. थंडी आहे, चार लोक जमले आहेत, त्यांच्यातलाच एक दिसावे म्हणून तो ओळख नाकारतो. आम्ही त्या मांडवात हसलो ते पेत्राच्याच शेकोटीला हात शेकत. कोणी आम्हाला धमकावले नव्हते. फक्त वेगळे दिसायचे नव्हते.

हे फक्त खेड्यातल्या मांडवात घडते असे नाही. सप्टेंबर २०१६ मध्ये पुण्यात जन्मलेल्या अभिनेत्री तनिष्ठा चॅटर्जी आपल्या 'पार्च्ड' या चित्रपटाच्या निमित्ताने एका टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमाला गेल्या. तिथे त्यांच्या रंगावरून विनोद सुरू झाले. लहानपणापासून किती जांभळे खाल्लीत, अशा दर्जाचे. त्या कार्यक्रम अर्धवट सोडून निघून गेल्या. तक्रार केल्यावर त्यांना सांगण्यात आले की इथे टर उडवली जाणार हे आधीच सांगितले होते. मग त्यांनी ही हकिकत जाहीरपणे लिहिली. आपले आडनाव ब्राह्मणाचे, मग रंग असा कसा, असे लोक आडून विचारतात हेही लिहिले. म्हणजे रंगावरच्या विनोदाच्या पोटात जात दडलेली असते. वाहिनीने पुढे माफी मागितली. आमचे लक्ष गेले ते दुसरीकडे. ही शिकलेली, नाव कमावलेली बाई. तिला उठून जाता आले. साखरपुड्यातल्या मुलीला स्वतःच्या साखरपुड्यातून उठून कुठे जाता येणार होते?

आपल्या समाजाचाही एक प्रसंग आठवतो. डिसेंबर २०१४ मध्ये मुंबईत वरळीला एआयबी नावाच्या मंडळींचा, एकमेकांची टर उडवण्याचा मोठा कार्यक्रम झाला. जानेवारी २०१५ च्या अखेरीस तो इंटरनेटवर आला, आणि त्यातल्या ख्रिस्ती श्रद्धेवरच्या विनोदांनी आपले लोक दुखावले. तक्रारी झाल्या, ध्वनिचित्रफीत काढून घेतली गेली आणि फेब्रुवारीत त्या मंडळींनी मुंबईच्या कॅथलिक धर्मप्रांताची बिनशर्त माफी मागितली. त्याच जानेवारीत पोप फ्रान्सिस विमानात पत्रकारांशी बोलताना आपल्या शेजारी उभ्या असलेल्या सहकाऱ्याकडे बोट दाखवून म्हणाले होते की यांनी माझ्या आईला शिवी दिली तर यांना एक ठोसा मिळेल. जगभर त्यावर चर्चा झाली. पोपनी असे बोलावे का, हा प्रश्न आम्हालाही पडला. पण राग येणे माणसाचे आहे, हे त्यांनी लपवले नाही. पुढे जून २०२४ मध्ये त्याच पोपनी जगभरच्या शंभराहून अधिक विनोदी कलाकारांना व्हॅटिकनमध्ये बोलावून त्यांच्या कामाचे कौतुक केले, हेही लक्षात ठेवावे.

आपली श्रद्धा दुखावली की आपण पत्र लिहितो, निवेदन देतो. चांगलेच आहे. पण आपल्या सहलीच्या बसमध्ये सरदारजींचे विनोद कोण सांगते? संता-बंता विनोदांवर बंदी घालावी म्हणून एक शीख महिला वकील सर्वोच्च न्यायालयात गेल्या होत्या. लोकांनी कसे वागावे याचे नैतिक नियम आम्ही घालून देऊ शकत नाही, असे न्यायालयाने फेब्रुवारी २०१७ मध्ये सांगितले. म्हणजे ते काम कोर्टाने आपल्याकडेच परत पाठवले आहे. जातीचे नाव घेऊन केलेल्या चेष्टेला मात्र कायदाही गंमत समजत नाही. २०२० मध्ये क्रिकेटपटू युवराज सिंग यांनी मित्राशी चाललेल्या गप्पांत एका सहकारी खेळाडूबद्दल असा शब्द हसत हसत वापरला. खेद व्यक्त केला तरी हरियाणात पोलीस ठाण्यापर्यंत प्रकरण गेले. आणि तो शब्द आपल्या पारावर रोज किती वेळा उच्चारला जातो ते आपल्याला माहीत आहे.

मग मांडवात करायचे काय? भाषण तर नक्कीच करायचे नाही. चारचौघांत मोठ्या माणसाला झाडले की तो हट्टाला पेटतो आणि ज्याच्यासाठी आपण बोललो त्याचीच आणखी शोभा होते. सर्वांत पहिले आणि सर्वांत अवघड काम म्हणजे न हसणे. सगळे हसत असताना तोंड सरळ ठेवून बघावे, किती जड जाते ते कळेल. विनोद सांगणारा पहिल्यांदा श्रोत्यांच्या तोंडाकडे बघतो. तिथे चार चेहरे कोरे दिसले की त्याला काय ते समजते.

दुसरे म्हणजे साधा प्रश्न. "मामा, म्हणजे काय? कळलं नाही मला." उपहासाने नाही, खरेच विचारल्यासारखे. बोचरा विनोद उलगडून सांगावा लागला की सांगणारालाच अवघडल्यासारखे होते. शब्द सुचला नाही तर उठून त्या व्यक्तीशेजारी जाऊन बसावे, तिच्याशी दुसरे काहीतरी बोलावे. घरातल्या माणसांना "राहू द्या दाजी, जेवणं थंड होलालीत" एवढेही पुरते. आमच्या मते बायका हे पुरुषांपेक्षा फार चांगले करतात. आजींनी त्या संध्याकाळी नेमके हेच केले होते. वीज आल्यावर त्या मुलीपाशी जाऊन तिच्या साडीच्या काठाची चौकशी करत उभ्या राहिल्या होत्या. आम्हाला तेव्हा वाटले, म्हातारीला काय वेळ-काळ नाही.

बोलायचे ते नंतर, एकट्याने, त्याच्या घरी जाऊन. भाऊ चुकला तर आधी दोघांतच त्याच्याशी बोला, ही शुभवर्तमानातली रीत इथेही लागू आहे. "तुम्ही वाईट आहात" असे म्हणू नये, "त्या मुलीचं तोंड उतरलं, तुम्ही पाहिलं नसेल" असे म्हणावे. बहुतेक वेळा त्यांनी खरेच पाहिलेले नसते. नीतिसूत्रांच्या सव्विसाव्या अध्यायात शेजाऱ्याला फसवून वर "गंमत केली" म्हणणाऱ्याची तुलना जळते बाण सोडत सुटलेल्या वेड्याशी केली आहे. वेड्याला बाण कुठे लागला हे दिसत नाही. ते दाखवणे हेच आपले काम.

आणि बाण आपल्याच हातून सुटला असेल तर माफी सरळ मागावी. "तुला वाईट वाटलं असेल तर" अशी सुरुवात केली की दोष पुन्हा तिच्याच हळवेपणावर जातो. "मी बोललो ते चुकलं," एवढे पुरे. व्हॉट्सअॅपवर तसला विनोद पुढे पाठवला असेल तर ज्या गटात पाठवला तिथेच हे लिहावे. तो नुसता पुसून टाकून भागत नाही.

मामांकडे आम्ही दोघे जण गेलो. त्यांनी चहा दिला, ऐकून घेतले, आणि "गंमत केली हो, एवढं काय त्यात" म्हणाले. निघताना दारापर्यंत आले नाहीत. पुढे काही महिने बाजारात समोर आले तरी आमच्याशी बोलले नाहीत. आम्हाला ते लागले, खोटे कशाला सांगा.

मुलगी दिवाळीला माहेरी आली तेव्हा तिच्याकडेही गेलो. आम्ही हसलो ते चुकले असे तिला सांगितले. ती थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "तुमचं काय वाटून घेऊ? आई बी हासली होती." आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. सोयरीक मोडेल या भीतीने हसले, असे त्या माउलीने नंतर आम्हाला सांगितले, मुलीला नाही. आम्ही म्हटले, हे तिलाच सांगा.

येत्या मे महिन्यात त्याच घरात धाकट्याचे लग्न आहे. मामा येणार, मानाच्या पंगतीला बसणार. त्यांच्या उजव्या हाताला कोणी बसायचे हे आमच्या गटात ठरले आहे. डाव्या हाताला आजी बसणार आहेत.